वायफाय एकच, तरी खेळ दिसत नाही: लॅन आणि ऑनलाइन लॉबी

आमच्या डिचोली तालुक्यातल्या घरी चवथीला सगळं गणगोत जमतं. आरत्या होऊन जेवणं उरकली की मोठी माणसं पत्ते काढतात आणि आम्ही भावंडं लॅपटॉप. एकदा असाच डाव मांडत होतो, तोच पावसात कुठेतरी फांदी पडली आणि तिच्यासोबत फायबरची वायरही. राउटरवरचा एक दिवा लाल झाला. धाकट्या चुलतभावाने फर्मान काढलं, "वायफाय गेलं. आता बसा नेवऱ्या खात."

वायफाय गेलं नव्हतं. गेलं होतं ते इंटरनेट. राउटर चालू होता, सहाच्या सहा लॅपटॉप त्याला जोडलेले होते, आणि एकमेकांशी बोलायला त्यांना उंबरा ओलांडायची गरजच नव्हती. पण गुडघ्याला गुडघा लावून बसलेले आम्ही सहाजण भेटत होतो ते खेळाच्या ऑनलाइन लॉबीत. शेजारच्या गादीवरच्या भावाला हाक मारायची, तर आधी दूरच्या कुठल्याशा सर्व्हरचं दार ठोठवायचं, असा प्रकार. ते दार बंद झालं आणि सगळेच अडकले.

दोन्हींचा पडदा जवळपास सारखाच दिसतो, म्हणून हा घोळ होतो. मल्टिप्लेअर दाबा, नावांची यादी, प्रत्येकाचा रंग, नकाशा, सुरू. शिवाय आपण बोलताना इंटरनेटलाच वायफाय म्हणतो, त्यामुळे 'सगळे एकाच वायफायवर' म्हणजे 'लॅनवर (घरातल्या घरातल्या जाळ्यावर) खेळतोय' असं वाटून जातं. तसं नसतं. लॅनमध्ये एकाचा लॅपटॉप यजमान होतो आणि बाकीचे त्याच्या पत्त्यावर थेट जातात; घरातली गोष्ट घरात राहते. लॉबीत सगळे बाहेरच्या सर्व्हरवर आपापल्या खात्याने हजेरी लावतात. पुढे काही खेळांत लॉबी फक्त गाठ घालून देते, काहींत प्रत्येक चाल तिच्याच हातून जाते.

शंका असेल तर राउटरमध्ये बाहेरून येणारी वायर काढा. खेळ चालू राहिला, नवीन डावही मांडता आला, तर ते लॅन.

कुठला खेळ लॅन देतो हे मात्र आधी पाहून ठेवावं लागतं. १९९८चा स्टारक्राफ्ट लॅनवर चालायचा. २०१० साली आलेल्या स्टारक्राफ्ट २मधून ती सोयच काढून टाकली गेली. १९९९चा एज ऑफ एम्पायर्स २ आठ जणांपर्यंत लॅनवर चालतो, पण मूळ सीडीवाली प्रत नव्या विंडोजवर लावायची तर आधी विंडोजच्या जुन्या घटकांमधलं डायरेक्टप्ले चालू करावं लागतं. आमच्याकडे शेवटी झिरो ए. डी. हा जुन्या राज्यांच्या लढायांचा खेळ टिकला. फुकट आहे, मुक्त सॉफ्टवेअर असल्यामुळे पेन ड्राइव्हवरून सगळ्यांना वाटला तरी कोणाची चोरी होत नाही, आणि त्यात मौर्य आहेत. मौर्यांचे हत्ती कोणी घ्यायचे यावर दर वर्षी भांडण होतं, तो विषय वेगळा.

झिरो ए. डी.मध्ये हा फरक मेन्यूतच लिहिलेला आहे. मल्टिप्लेअर उघडलं की जॉइन गेम, होस्ट गेम आणि गेम लॉबी असे पर्याय दिसतात. पहिले दोन वापरले तर खातं लागत नाही, इंटरनेट लागत नाही. तिसरा म्हणजे बाहेरचा चौक. आम्ही दोन वर्षं सवयीने तिसराच दाबत होतो, कारण त्यात यादी आयती दिसते. होस्ट गेममध्ये तसं नाही. यजमानाने होस्ट दाबायचं, बाकीच्यांनी जॉइनमध्ये त्याचा आयपी पत्ता (नेटवर्कवर त्याच्या लॅपटॉपला मिळालेला नंबर) हाताने टाकायचा. पोर्ट, म्हणजे त्या पत्त्यावरच्या खेळाच्या दाराचा नंबर, २०५९५ आधीच भरलेला असतो, त्याला हात लावू नका.

पत्ता मिळवायला विंडोजवर कमांड प्रॉम्प्टमध्ये आयपीकॉन्फिग (ipconfig) टाइप करा आणि आयपीव्ही४ची (IPv4) ओळ वाचा. १९२.१६८.१.७ असं काहीतरी येईल. एकापेक्षा जास्त पत्ते दिसले तर वायफाय किंवा इथरनेट लिहिलेल्या भागाखालचा घ्या, १९२.१६८.५६.१ हा बहुधा व्हर्च्युअलबॉक्सचा (लॅपटॉपच्या आत दुसरा आभासी संगणक चालवणाऱ्या सॉफ्टवेअरचा) असतो, तो घरात कोणाच्याच कामाचा नाही. १६९.२५४ने सुरू होणारा पत्ता आला तर राउटरने तुम्हाला पत्ता दिलेलाच नाही, लॅपटॉपने स्वतःच काहीतरी लावून घेतलंय. आणि १२७.०.०.१ म्हणजे ज्याचा त्याचा स्वतःचाच लॅपटॉप. तो दुसऱ्याला सांगून उपयोग नाही.

हा १९२.१६८चा पत्ता म्हणजे गावातलं 'देवळामागचं घर'. गावात विचारलंत तर पोर बोट धरून नेईल. पण मडगावच्या माणसाला फोनवर 'देवळामागचं घर' सांगितलंत तर तो त्याच्या देवळामागे जाईल. आमच्या मामेभावाचं हेच झालं. त्या वर्षी सुट्टी मिळाली नाही म्हणून तो मडगावहून खेळणार होता. आम्ही त्याला घरातला पत्ता दिला, तो अर्धा तास स्वतःच्याच घरात शोधत बसला. त्याच्या राउटरमागेही १९२.१६८.१.७ होता: त्याचा टीव्ही. दूरच्या माणसासाठी लॉबीच बरी. यजमानाचा सार्वजनिक पत्ता देऊन, राउटरवर पोर्ट उघडून थेट बोलावता येतं म्हणतात ते खरं, पण राउटरच्या सेटिंग्जच्या पानावर बाहेरच्या बाजूचा पत्ता १००.६४ ते १००.१२७ यांच्या दरम्यान दिसला तर तो नाद सोडा. तो सार्वजनिक पत्ताच नाही; खरा सार्वजनिक पत्ता कंपनीने अनेक गिऱ्हाइकांत वाटलेला आहे. झिरोटियरसारखं आभासी लॅन हा मधला मार्ग आहे. त्यात इंटरनेटवरून जाऊनही सगळे एकाच घरात असल्याचा आव आणता येतो. मात्र तेही इंटरनेट असेल तरच.

आता आमच्या घरातला खरा घोळ. घर जुनं, चिऱ्याचं, भिंती हातभर जाड. राउटर पुढे ओसरीवर, आणि राजांगणाच्या, म्हणजे घराच्या मधल्या अंगणाच्या, पलीकडच्या खोल्यांत वायफायची एक काडीसुद्धा येत नाही. म्हणून काकांनी मागे दुसरा राउटर बसवला, त्याला तेच नाव दिलं, तोच पासवर्ड दिला. फोनवाल्यांची सोय झाली. आम्ही मात्र पुढच्या खोलीतले तिघं आणि मागच्या खोलीतले तिघं एकमेकांना सापडेनासे झालो. नाव एक, पासवर्ड एक, तरी दोन घरं! पुढून येणारी केबल दुसऱ्या राउटरच्या वॅनच्या (बाहेरून येणाऱ्या इंटरनेटच्या) भोकात घातली होती, त्यामुळे तो मागच्या बाजूला स्वतःचं वेगळं बिऱ्हाड थाटून बसला: पुढच्यांचे पत्ते १९२.१६८.१, मागच्यांचे १९२.१६८.०.

यात एक गंमत आहे. मागचा माणूस पुढच्या यजमानाकडे जाऊ शकतो, कारण मागच्या राउटरच्या दृष्टीने पुढचं घर म्हणजे 'बाहेर', आणि बाहेर जायला मनाई नसते. उलट दिशेने, मागच्याने होस्ट केलं आणि पुढच्याने जायचं म्हटलं, की दार बंद. म्हणून काही डाव लागत आणि काही लागत नसत, आणि आम्ही दोष देत होतो तो खेळाला. तात्पुरता उपाय म्हणजे यजमान नेहमी पुढच्या खोलीतला ठेवायचा. कायमचा उपाय म्हणजे दुसरा राउटर ॲक्सेस पॉइंट मोडवर टाकणं, म्हणजे तो वेगळं बिऱ्हाड न थाटता पुढचंच घर मागे पसरवतो. तो मोड नसेल तर त्याचा स्वतःचा पत्ता बदलून त्याला पुढच्या रांगेतला मोकळा पत्ता द्यायचा, त्याचं डीएचसीपी (पत्ते वाटायचं काम) बंद करायचं आणि केबल वॅनमधून काढून लॅनच्या भोकात घालायची. काकांना हे समजावण्यात एक पूर्ण दुपार गेली. गेस्ट वायफायचंही असंच: त्यावरच्या पाहुण्यांना बहुतेक राउटर घरातल्या यंत्रांपासून मुद्दाम लांब ठेवतात.

पत्ता बरोबर, घर एक, तरी जोडणी होत नसेल तर यजमानाच्या लॅपटॉपवरचा फायरवॉल (बाहेरून येणाऱ्यांना अडवणारा पहारेकरी) बघा. पहिल्यांदा होस्ट केलं की विंडोज परवानगी विचारतं, पण खेळाने पूर्ण पडदा व्यापलेला असल्यामुळे ती खिडकी मागेच राहते, किंवा घाईत कोणीतरी कॅन्सल दाबतं. घरचं नेटवर्क विंडोजमध्ये पब्लिक म्हणून नोंदलेलं असेल तर ते प्रायव्हेट करा आणि खेळाला प्रायव्हेटमध्ये परवानगी द्या. वैतागून अख्खा फायरवॉल बंद करणारे आमच्यातही आहेत. ते तो परत चालू करायला विसरतात.

लॅनवर खेळ 'फास्ट' होतो, हे मला अर्धंच पटतं. या जातीच्या खेळांत सैनिकांच्या जागा तारेतून जात नाहीत. जातात फक्त हुकूम: हे पाच भालाईत तिकडे, ही बाई बोरं तोडायला. प्रत्येक लॅपटॉप तेच हुकूम घेऊन अख्खी लढाई स्वतः मांडतो. म्हणून तर मूळ एज ऑफ एम्पायर्स २८.८ केबीपीएसच्या मोडेमवर चालवता आला. त्यात हुकूम दिल्या क्षणी लागूच होत नसे. एक फेरी साधारण २०० मिलिसेकंदांची आणि हुकूम दोन फेऱ्यांनंतरचा. पाव सेकंदापर्यंतचा उशीर खेळणाऱ्यांना जाणवतही नाही, असं तो बनवणाऱ्यांनीच लिहून ठेवलंय. त्यामुळे चांगल्या फायबरवरून लॅनवर आलात तर डोळे दिपतील असं काही नाही. उलट सगळ्यांनी एकाच ठेक्यात चालायचं असल्यामुळे सर्वांत रडका लॅपटॉप सगळ्यांना थांबवतो, आणि तो लॅनवरही रडकाच राहतो. लॅनचा खरा फायदा म्हणजे ठेका हलत नाही आणि बाहेरच्या फांद्यांशी आपला संबंध उरत नाही.

हुकूमच तेवढे जात असल्यामुळे सगळ्यांकडे खेळाची आवृत्ती आणि मॉड (खेळात वरून घातलेले बदल) तंतोतंत एक हवेत. अल्फा २६वाला अल्फा २७वाल्याच्या डावात बसू शकत नाही. घरी यायच्या आधीच सगळ्यांनी एकच फाइल घ्यावी. चवथीच्या दिवशी सहाजणांनी जीबीभर उतरवायला बसणं म्हणजे संध्याकाळच्या आरतीपर्यंत वाट बघणं.

लाइट गेली तर? लॅपटॉप बॅटरीवर चालतात, राउटर चालत नाही, आणि त्याच्याबरोबर लॅनही बसतं. राउटर इन्व्हर्टरवर असेल तर प्रश्न नाही. नसेल तर एका फोनचा हॉटस्पॉट चालू करा आणि मोबाइल डेटा बंद ठेवा. बहुतेक फोनवर हे चालतं: इंटरनेट शून्य, पण सगळे लॅपटॉप एका घरात. पत्ते मात्र बदलतात, म्हणून आयपीकॉन्फिग परत बघायचं. आमच्याकडे हे काम आत्याच्या फोनवर सोपवलेलं आहे. ती पत्त्यांच्या डावात गुंतली की तिला फोनची आठवण राहत नाही, आणि डेटा बंद असल्याने तिचा एक पैसाही जात नाही.