सातखाडीचं आकाश लाल का असायला हवं

ऐरोलीला माझा भाचा आणि त्याच्या सोसायटीतली पोरं मिळून एक गेम बनवतायत, त्यासाठी अख्खी काल्पनिक दुनिया उभी केलीय, खाडीकाठचं एक शहर, नाव सातखाडी, आणि तिथे शंभर-दीडशे वर्षांतून एकदा रात्रीचं आकाश झळाळून उठतं. मामा, असं खरंच होऊ शकतं का, आणि रंग कुठला द्यायचा? त्यांनी हिरवा ठरवला होता, नॉर्वेच्या फोटोंत दिसतात तसे हिरवे पडदे, म्हणजे ध्रुवीय प्रकाश, इंग्रजीत अरोरा. मी म्हटलं, तुमचं शहर आपल्यासारखंच उष्ण प्रदेशात आहे ना, मग लाल घ्या.

का ते सांगतो. सूर्यावर मोठा भडका उडाला की कधीकधी विद्युतभारित कणांचा लोंढा पृथ्वीकडे येतो, त्याने पृथ्वीचं चुंबकीय क्षेत्र ढवळून निघतं (हेच चुंबकीय वादळ) आणि कण वातावरणात वरून घुसून ऑक्सिजन-नायट्रोजनला धडकतात. हिरवा उजेड ऑक्सिजनचा, साधारण १०० ते १५० किलोमीटर उंचीवरचा. लालसुद्धा ऑक्सिजनचाच, पण २०० किलोमीटरच्या वरचा, कारण लाल उजेड सोडायला त्या अणूला जवळजवळ दोन मिनिटं लागतात, आणि खाली हवा दाट, तेवढ्या वेळात दुसरं काहीतरी येऊन धडकतं आणि त्याची ऊर्जा तशीच निघून जाते. म्हणून लाल फक्त उंचावर.

आता पृथ्वी गोल आहे. १०० किलोमीटर उंचीवरचा उजेड ठाण्यातून अगदी क्षितिजाला टेकलेला दिसायचा तरी तो फार तर ११०० किलोमीटरवर हवा, म्हणजे जवळपास दिल्लीच्या डोक्यावर. ४०० किलोमीटर उंचीचा मात्र २२०० किलोमीटरवरून दिसेल, पार काश्मीरच्या पलीकडचा! त्यामुळे दक्षिणेकडे राहणाऱ्यांना खालचा हिरवा भाग दिसतच नाही, वरचा लाल तेवढा उत्तरेला उगवल्यासारखा दिसतो. १० मे २०२४ च्या रात्री लडाखमधल्या हानले वेधशाळेच्या कॅमेऱ्यांत आला तो लालच.

पण मला सगळ्यात भारी वाटतं ते हे की मुंबईच्या आकाशातही हे दिसलंय. ४ फेब्रुवारी १८७२, रविवार. सूर्यास्तानंतर उजेड दिसायला लागला, रंग बदलत राहिले, आणि तेव्हाच्या वर्तमानपत्रातली नोंद सांगते की पहाटे तीनच्या सुमाराला तो गडद जांभळा झाला होता. जांभळा हा नायट्रोजनचा रंग, म्हणजे सातखाडीच्या लालमध्ये थोडा जांभळा मिसळायला पोरांना पूर्ण परवानगी आहे. त्या रात्री समुद्राखालच्या तारांवरचे संदेशही विस्कळीत झाले.

त्याआधी १८५९ मध्ये याहून गाजलेलं चुंबकीय वादळ झालं होतं. १ सप्टेंबरला इंग्लंडमध्ये रिचर्ड कॅरिंग्टन या खगोलशास्त्रज्ञाने सूर्यावर भडका बघितला आणि साधारण साडेसतरा तासांनी त्याचा तडाखा पृथ्वीला बसला. कुलाब्याच्या वेधशाळेत तेव्हा माणसं डोळ्यांनी चुंबकाचे आकडे वाचून लिहायची, एरवी तासातासाला, वादळ आलं की पंधरा मिनिटांनी, मग पाच मिनिटांनी. त्या वहीत चुंबकीय क्षेत्रात सुमारे १६०० नॅनोटेस्लाची (हे ते क्षेत्र मोजायचं एकक) घट नोंदलीय आणि आज जगभरातले लोक ते वादळ किती मोठं होतं हे मोजायला तीच नोंद काढतात. फक्त आपल्याकडे तेव्हा भरदुपारची वेळ जवळ आली होती, आकाशात दिसणार काय!

पुढे मुंबईत विजेच्या ट्राम येणार म्हटल्यावर चुंबकाच्या नोंदी बिघडतील म्हणून १९०४ मध्ये हे काम अलिबागला हलवलं, तिथल्या इमारती लोखंड न वापरता बांधल्या, आणि आज ते चालवणारी भारतीय भूचुंबकत्व संस्था नवीन पनवेलला आहे. म्हणजे सातखाडीत जादूगाराचा मनोरा असलाच तर तो बिनलोखंडी हवा आणि आत एक टांगलेली सुई हवी, कारण आकाश पेटायच्या आधी ती हलेल आणि दिवसाढवळ्याही हलेल.

आणि पुन्हा तसं मोठं वादळ आल्याची बातमी आली तर वाशी किंवा घोडबंदर रोडवरून बघत बसू नका, इथल्या दिव्यांत ते फिकट लाल हरवून जाईल. माळशेजच्या बाजूला उत्तर मोकळी दिसेल अशी अंधारी जागा गाठा, मोबाइल ट्रायपॉडवर लावा, दहा-पंधरा सेकंदांचं एक्स्पोजर ठेवा आणि क्षितिजालगतचं आकाश टिपत राहा, डोळ्यांच्या आधी कॅमेऱ्याला लाल कळतं.