व्यभिचार, आणि वर क्रूरता : ख्रिस्ती घटस्फोट कायद्याची १३२ वर्षं

२००१ सालापर्यंत भारतातल्या ख्रिस्ती नवऱ्याला घटस्फोट हवा असेल तर कोर्टात एकच गोष्ट शाबीत करावी लागे : बायकोचा व्यभिचार. बायकोचं मात्र तेवढ्यावर भागत नसे. नवऱ्याचा व्यभिचार तर दाखवायचाच, वर त्याला जोडही द्यायची. त्याने छळ केला, किंवा दोन वर्षं टाकून दिलं, किंवा दुसरा घरोबा थाटला, किंवा ते संबंध निषिद्ध नात्यातले होते. बलात्कारासारखे मोजके अपवाद सोडले तर १८६९ च्या कायद्याच्या कलम १० चा हाच हिशेब होता. नुसता मारकुटा नवरा किंवा नुसता बाहेरख्याली नवरा घटस्फोटाला पुरत नसे. एकाच माणसात दोन्ही गुण असावे लागत.

हे सगळं बायबलमधून आलं असणार, असं ख्रिस्ती नसलेल्यांना वाटतं आणि पुष्कळ ख्रिस्ती लोकांनाही वाटतं. मुळात तसं नाही. ‘देवाने जे जोडले ते माणसाने तोडू नये’ हे वचन मत्तय आणि मार्क या दोन्ही शुभवर्तमानांत आहे. मत्तयात व्यभिचाराचा अपवाद येतो, मार्कात तोही नाही. पण मार्काच्या दहाव्या अध्यायात बायको टाकणारा नवरा आणि नवरा टाकणारी बायको यांना एकाच तराजूत तोललं आहे. मग बाईसाठी वेगळं माप आलं कुठून?

ते आलं इंग्लंडमधून. तिथे लग्नाचे तंटे शतकानुशतकं चर्चच्या न्यायालयांत चालत. ही न्यायालयं नवरा-बायकोला वेगळं राहू देत, पुन्हा लग्न करू देत नसत. खरा घटस्फोट हवा तर पार्लमेंटकडून स्वतःपुरता खास कायदा करून घ्यावा लागे. ते श्रीमंतांचं काम. १८५७ पर्यंत असे तीनशेच्या वर घटस्फोट झाले, त्यांत बायकांना मिळालेले जेमतेम चार. १८५७ च्या कायद्याने हे काम दिवाणी न्यायालयाकडे आलं, पण जुना पक्षपात कलमांत उतरला. बायको घसरली तर वारस कोणाचा हा प्रश्न उभा राहतो, नवरा घसरला तर राहत नाही, असं त्यामागचं गणित होतं. पुढे ब्रिटनचे पंतप्रधान झालेल्या ग्लॅडस्टन यांनी तेव्हाच या विधेयकाला कडाडून विरोध केला. स्त्री-पुरुषांना वेगळे नियम लावणं ख्रिस्ती शिकवणीत बसत नाही, हा त्यांचा एक मुद्दा होता. म्हणजे धर्माचा आधार विरोध करणारे घेत होते. भेदाच्या बाजूला होती ती मालमत्ता.

बारा वर्षांनी हाच कायदा थोड्याफार फरकाने भारतात आला. नवऱ्याला बायकोच्या प्रियकराकडून नुकसानभरपाई मागता येई, तीही सोय सोबत आली. दाव्यादरम्यान बायकोला मिळणाऱ्या पोटगीवर नवऱ्याच्या उत्पन्नाच्या एक पंचमांशाची मर्यादा होती. शिवाय जिल्हा न्यायालयाने दिलेला घटस्फोट उच्च न्यायालयातल्या तीन न्यायाधीशांनी कायम केल्याशिवाय पक्का होत नसे. इंग्लंडने १९२३ मध्ये नवरा-बायकोला व्यभिचाराच्या बाबतीत सारखं केलं. इथे जुनं कलम तसंच राहिलं.

१८६९ च्या या कायद्याच्या तीन वर्षं आधी, १८६६ मध्ये, सरकारने आणखी एक कायदा केला होता. आज तो फारसा कुणाला आठवत नाही, पण महाराष्ट्रातल्या पहिल्या पिढीच्या ख्रिस्ती घरांचा खरा पेच त्यात दिसतो. नवरा बाप्तिस्मा घेतो, बायको हिंदूच राहते. तिचे माहेरचे तिला पाठवत नाहीत. मग त्या लग्नाचं काय? बायबलमधल्या एका पत्रात संत पौलाने करिंथ शहरातल्या ख्रिस्ती मंडळीला लिहिलं होतं की विश्वास न ठेवणारा जोडीदार निघून गेला तर जाऊ द्यावं. त्याच धर्तीवर व्हाइसरॉयच्या कौन्सिलातले कायदा सदस्य हेन्री मेन यांनी कायदा घडवला. जोडीदाराने धर्मांतरामुळे साथ सोडली तर धर्मांतरिताने अर्ज करायचा, न्यायाधीशाने दुसऱ्या बाजूला प्रत्यक्ष विचारायचं, विचार बदलायला वर्षभर अवधी द्यायचा आणि तरीही नकार आला तर लग्न मोडायचं.

हा रस्ता उघडा असूनही न धरणाऱ्यांत नारायण वामन टिळक होते. १० फेब्रुवारी १८९५ ला मुंबईत त्यांनी बाप्तिस्मा घेतला तेव्हा लक्ष्मीबाई ख्रिस्ती नव्हत्या. पुढची काही वर्षं दोघांचा संसार दोन ठिकाणी विस्कटलेला होता. १९०० मध्ये त्यांनीही बाप्तिस्मा घेतला. त्या काळाची कहाणी लक्ष्मीबाईंनी स्वतःच लिहून ठेवली आहे. सोवळं, पाणी, स्वयंपाक यांवरून रोज उठणारे प्रश्न त्यात जसे कळतात तसे कुठल्या कलमातून कळत नाहीत. लग्न टिकलं ते कायद्याने नव्हे, त्या दोघांच्या हट्टाने.

गोव्यात हा इंग्रजी कायदा कधी लागूच झाला नाही. तिथे पोर्तुगीज दिवाणी कायदा होता. पोर्तुगालने १९१० मध्ये घटस्फोट आणला तोच स्त्री-पुरुषांना सारखी कारणं देऊन. पुढे पोर्तुगाल आणि व्हॅटिकनमध्ये १९४० साली करार झाला आणि चर्चमध्ये लग्न लावणाऱ्यांना दिवाणी घटस्फोटाची वाट बंद झाली. गोव्यात ती तरतूद १९४६ मध्ये पोचली. गोव्याच्या सीमेवरच्या तेरेखोल नदीच्या अलीकडे एक न्याय, पलीकडे दुसरा, आणि दोन्हीकडे प्रार्थना तीच.

स्वातंत्र्यानंतर विधी आयोगाने १९६० मध्येच बदल सुचवला. १९६२ मध्ये विधेयक आलं, ते लोकसभेबरोबर बरखास्त झालं. १९८३ मध्ये आयोगाने पुन्हा सांगितलं, १९९८ मध्ये पुन्हा. समाजाने एकमताने मागणी करावी, असं सरकारचं पालुपद. आणि एकमत होणार कसं? कॅथलिकांच्या लेखी लग्न हा संस्कार आहे, तो मोडत नाही, फार तर मुळातच झाला नव्हता असं ठरू शकतं. प्रोटेस्टंट मंडळ्यांना मर्यादित घटस्फोट मान्य. या वादात अडकून पडल्या त्या छळ सोसणाऱ्या बायका. त्यांना न्यायिक फारकत मिळे, म्हणजे वेगळं राहण्याची मुभा, पण कागदावर लग्न तसंच.

शेवटी कोंडी कोर्टांनी फोडली. १९९५ मध्ये केरळ उच्च न्यायालयाने आणि १९९७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने व्यभिचाराची ती जोड घटनाबाह्य ठरवली : छळ किंवा टाकून देणं एवढं कारण पुरे. एव्हाना प्रमुख चर्चही बदलाला राजी झाले होते. २००१ मध्ये संसदेने कलम १० नव्याने लिहिलं, नवरा-बायकोला जवळपास सारखीच कारणं दिली, परस्परसंमतीचा घटस्फोट आणला, एक पंचमांशाची मर्यादा आणि उच्च न्यायालयाच्या शिक्कामोर्तबाची अटही काढली. परस्परसंमतीसाठी मात्र दोन वर्षं वेगळं राहण्याची अट घातली. हिंदू विवाह कायद्यात ती एक वर्षाची आहे. हा एक वर्षाचा फरक कशासाठी, याचं पटेल असं उत्तर मला कुठे सापडलेलं नाही. केरळ उच्च न्यायालयाने २०१० मध्ये ती अट एक वर्षाची मानली.

चर्चची वाट याहून वेगळी. धर्मप्रांताच्या न्यायालयाने लग्न रद्दबातल ठरवलं तरी सरकारदरबारी ते लग्न मोडत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये स्पष्ट केलं. उलट दिवाणी घटस्फोट हातात घेऊन फादरांकडे गेलेल्या कॅथलिक माणसाला पुन्हा चर्चमध्ये लग्न लावायचं तर चर्चच्या न्यायालयाचा कागद आणावाच लागतो. एकाच संसाराच्या दोन फायली. तिथेही पूर्वी एक निकाल पुरत नसे, दुसऱ्या न्यायालयाने तो कायम करावा लागे. ती अट पोप फ्रान्सिस यांनी २०१५ मध्ये काढून टाकली, भारतीय संसदेने आपली काढल्यावर चौदा वर्षांनी.