१६० चौरस फुटांची खोली आणि समुद्राचा कठडा

मरीन ड्राइव्हच्या कठड्यावर रस्त्याकडे पाठ करून बसलेली जोडपी पाहून नाक मुरडणाऱ्यांनी आधी त्यांची घरं आठवावीत.

१८९६ च्या प्लेगनंतर मुंबईत शहर सुधारणेसाठी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट आला आणि सरकारी चाळी बांधायला सुरुवात झाली. १९२० च्या दशकात वरळी, नायगाव, शिवडी आणि डिलाईल रोडला बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटच्या, म्हणजे बीडीडी चाळी उभ्या राहिल्या. खोली १६० चौरस फुटांची, संडास सामाईक. गिरणीत कामाला येणारे कितीतरी पुरुष बायकामुलांना कोकणात किंवा घाटावर ठेवून येत, खानावळीत जेवत, पाळीप्रमाणे आळीपाळीने झोपत. पुढे तशाच खोल्यांत संसार आले, मग मुलांचेही संसार. १९४७ च्या भाडेनियंत्रण कायद्याने भाडी गोठली, पागडीचे, म्हणजे खोलीचा ताबा घेताना मोजायच्या एकरकमी पैशांचे, आकडे चढत गेले. हातातली खोली सोडून जाणार कुठे?

नव्या जोडप्याच्या वाट्याला पोटमाळा यायचा, नाहीतर मधे बांधलेला साडीचा पडदा. दीर आपणहून गॅलरीत अंथरूण टाकायचा, सासूबाई भजनाला जाऊन उशिरा परतायच्या. कोणी कोणाला काही सांगायचं नाही. या न बोललेल्या समजुतीबद्दल मला फार आदर वाटतो.

पण ती लग्न झालेल्यांपुरती होती. लग्नाआधी जुळलेल्या मनांना चाळीत आडोसाच नव्हता. दारं दिवसभर उघडी, गॅलरीतून जाणाऱ्याची नजर थेट आत. पोरगी जिन्यात कोणाशी बोलली, हे नळाचं पाणी जायच्या आत मजलाभर व्हायचं. मग पुस्तकातून चिठ्ठी, धाकट्या भावंडाकरवी निरोप, गणपतीतल्या नाटकाच्या तालमी. आणि शेवटी शिवाजी पार्कचा कट्टा, वरळी सी फेस, बँडस्टँडचे खडक.

ऑगस्ट २०१५ मध्ये पोलिसांनी मुंबईतल्याच मढ आणि अक्सा या किनाऱ्यांच्या भागातल्या हॉटेलांवर छापे घालून सुमारे ४० जोडप्यांना ताब्यात घेतलं. अनेकांवर सार्वजनिक ठिकाणी असभ्य वर्तन केल्याचं कलम लावून १,२०० रुपये दंड केला. पैसे मोजून, दार लावून बसलेल्या सज्ञान माणसांवर सार्वजनिक असभ्यतेचा ठपका! ही गोष्ट आजही संताप आणते.

ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीच्या बीडीडीतल्या ५५६ कुटुंबांना पुनर्विकासात ५०० चौरस फुटांच्या घरांच्या किल्ल्या मिळाल्या. आतून कडी लावता येईल अशा वेगळ्या खोल्या त्यांत आहेत. त्या कोणाच्या वाट्याला येतात, हे आता घरोघरी ठरतंय.