बोटाचे टाके काढायला गेलं की कोडमध्ये काय बदलतं?

संक्रांत झाली की नागपुरात महाल म्हणा, सक्करदरा म्हणा, दवाखान्यात बोटाला पट्टी बांधलेली पोरं दिसतातच. नायलॉन मांजावर एनजीटीने, म्हणजे राष्ट्रीय हरित लवादाने, २०१७ मध्ये देशभर बंदी घातली तरी तो मिळतोच, अन् बोटाच्या पेरावर दिसायला बारीक पण आतून खोल अशी चीर पाडून जातो. मी इथं मेडिकल कोडिंग करते, म्हणजे डॉक्टरांच्या नोंदी वाचून आजार-दुखापतीला ठरलेला कोड लावते. आमच्याकडे चार्ट, म्हणजे या नोंदी, येतात ते अमेरिकेतल्या पेशंटचे, त्यात मांजा नसतो, किचनमधला चाकू असतो नाहीतर फुटलेली काच, पण बोट तेच अन् जखम भरायची पद्धतही तीच. नवीन शिकणारी पोरं टाके घातले त्या दिवसाचा कोड बरोबर काढतात, अडकतात ते नंतरच्या फॉलोअपला.

आधी अमेरिकेच्या आयसीडी-१० या आजार-दुखापतींच्या कोडयादीत कोड कसा बनतो ते बघू. उजव्या हाताची तर्जनी चाकूने कापली, नखाला काही झालं नाही, आत काचेचा तुकडा वगैरे राहिला नाही, तर कोड होतो एस६१.२१०. एस म्हणजे दुखापत, ६१ म्हणजे मनगट, हात अन् बोटांची उघडी जखम, पुढचा २ सांगतो की अंगठा सोडून बाकीच्यांपैकी बोट आहे आणि नख शाबूत आहे, १ म्हणजे कापल्याची जखम अन् आत बाहेरची वस्तू नाही, शेवटचा ० म्हणजे उजवी तर्जनी. डावी तर्जनी असती तर १, उजवं मधलं बोट असतं तर २, असं करत करंगळीपर्यंत जातं. डॉक्टरांनी नुसतंच बोट कापलं एवढं लिहून सोडलं तर शेवटी ९ टाकावा लागतो, म्हणजे कोणतं बोट ते माहीत नाही, अन् असा कोड बघून मला खरंच वाईट वाटतं कारण पेशंट समोर बसला होता, बोट दिसत होतं, दोन शब्द लिहायचे राहिले फक्त.

एवढे सहा कॅरेक्टर झाले तरी कोड अपुराच, सातवं अक्षर लावल्याशिवाय विम्याचा क्लेम चालत नाही. ते असतं ए, डी नाहीतर एस. बहुतेकांना वाटतं की ए म्हणजे पहिली व्हिजिट अन् डी म्हणजे दुसरी, आणि सगळा घोळ इथंच होतो. ते अक्षर व्हिजिट मोजत नाही, जखमेवर अजून उपचार सुरू आहेत की उपचार झाले अन् आता ती भरून राहिली आहे, एवढंच ते सांगतं. समजा रात्री इमर्जन्सीत रक्त थांबवून पट्टी बांधली अन् दुसऱ्या दिवशी हँड सर्जनने जखम उघडून तपासली, नीट शिवली, तर डॉक्टर वेगळा, दिवस वेगळा, तरी दोन्हीकडे ए च लागणार. पण नंतर तोच पेशंट टाके काढायला आला, जखम कोरडी आहे, बोट वाकतंय, तर तिथं एस६१.२१०डी. टाके काढण्यासाठी झेड४८.०२ असा एक वेगळा कोड पुस्तकात आहे अन् नाव वाचून तोच टाकावासा वाटतो, पण मूळ कारण दुखापत असेल तर तो घ्यायचा नाही, दुखापतीचाच कोड डी लावून द्यायचा.

हे नियम नुसती कागदपत्रांची कटकट नाहीत, त्यामागे शरीराचं शास्त्र आहे. कापल्यावर आधी रक्त गोठतं, मग तीन-चार दिवस सूज अन् लाली राहते, पांढऱ्या पेशी घाण साफ करतात, त्यानंतर दोन-तीन आठवडे नवीन कोलॅजन, म्हणजे कातडीला बळकटी देणारं प्रथिन, भरत जातं. हाताचे टाके साधारण ७ ते १० दिवसांत काढतात, सांध्यावर असतील तर १० ते १४ दिवस ठेवतात कारण बोट वाकलं की तिथं ताण येतो. आता टाके निघाले म्हणजे जखम पक्की झाली असं नाही बरं का, त्या वेळी त्या कातडीत मूळ ताकदीचा अगदी थोडाच भाग आलेला असतो, अन् वर्षभराने सुद्धा ती जास्तीत जास्त ८० टक्क्यांपर्यंतच जाते. म्हणून डी हे अक्षर कितीतरी दिवस चालू राहू शकतं.

बोटात तर अजून एक भानगड आहे. दोन्ही बाजूंनी स्पर्श कळवणारी बारीक नस जाते, तिला डिजिटल नर्व्ह म्हणतात, अन् बोट वाकवणारे टेंडन, म्हणजे स्नायूंच्या दोऱ्या, कातडीच्या अगदी जवळ असतात. वरून सेंटीमीटरभर चीर दिसते अन् आत नस तुटलेली असते. नस शिवली तरी ती रोज साधारण १ मिलिमीटर एवढीच वाढते, म्हणजे बोटाच्या बुडाशी तुटली तर शेंड्यापर्यंत पोचायला दोन-तीन महिने सहज गेले. अशा वेळी फॉलोअपला डॉक्टर दोन टोकं टेकवून विचारतात, एक लागतंय की दोन, चांगल्या बोटाला ६ मिलिमीटरपेक्षा कमी अंतरही वेगळं कळतं. चार्टमध्ये हे लिहिलेलं दिसलं की मी नसेच्या दुखापतीचा कोड लावलाय का ते लगेच बघते, कारण एस६४ हा गट वेगळा आहे अन् उघड्या जखमेच्या कोडमध्ये तो आपोआप येत नाही. जखम पिकली असेल तरी तसंच, उजव्या हाताच्या बोटाच्या सेल्युलायटिसचा, म्हणजे कातडीच्या संसर्गाचा, एल०३.०११ सोबत जोडावा लागतो.

आपल्याकडे हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागात जागतिक आरोग्य संघटनेचं मूळ आयसीडी-१० वापरतात, त्यात बोटाच्या जखमेला नख शाबूत असेल तर एस६१.० अन् नसेल तर एस६१.१, एवढेच दोन. उजवं-डावं नाही, उपचार सुरू आहेत की झाले तेही नाही. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून जी स्वतःची वाढवलेली आवृत्ती लागू केली तिच्यात हा सगळा तपशील आहे, अन् आम्हाला काम करायचं असतं ते तिच्यावर.

राहिला एस. जखम भरून गेली, पण जागेवर व्रण राहिला, ओढ बसते अन् बोट पूर्ण सरळ होत नाही म्हणून पेशंट परत आला, तर आधी आत्ताच्या त्रासाचा कोड, म्हणजे व्रणाचा एल९०.५, अन् त्याच्या मागे एस६१.२१०एस. हा क्रम उलटा चालत नाही. आणि याला मुदत नाही, सहा महिन्यांनी या की सहा वर्षांनी, डॉक्टरांनी हा त्रास त्या जुन्या जखमेमुळेच आहे असं लिहिलं असेल तर एस लागतो.