जवारीचा दोरा आणि फिल्टरचा नॉब

मिरजेच्या सतारमेकर गल्लीत तंबोऱ्याची जवारी, म्हणजे तारेचा गुंजता नाद, काढताना कारागीर तारेखालची घोडी घासतो आणि तारेखाली दोरा सरकवतो. तार तीच, पट्टी तीच. दोरा केसभर हलला की उपस्वर, म्हणजे मूळ स्वरासोबत निघणारे वरचे सूक्ष्म स्वर, उमलतात नाहीतर दबतात. एकोणिसाव्या शतकात हत्यारांना धार लावणारे शिकलगार इथे या कामाकडे वळले. इलेक्ट्रॉनिक ट्रॅकचा भाव समजायला हा दोरा आधी पाहावा, कारण तिथेही चाल थोडी असते आणि नाद उघडत-मिटत राहतो.

यंत्रात दोऱ्याचं काम लो-पास फिल्टर करतो: कट-ऑफ म्हणजे नॉबने ठरवलेली कंप्रता, तिच्या वरचे उपस्वर कापतो. रॉबर्ट मूग यांनी १९६४ पासून सिंथेसायझर, म्हणजे विजेवर स्वर तयार करणारं वाद्य, घडवला आणि त्यांचा फिल्टर पुढे अनेकांचा नमुना ठरला. रोलँड या जपानी कंपनीचं टीबी-३०३ हे गिटारवाल्यांना साथीला बास, म्हणजे खालच्या स्वरांची ओळ, मिळावा म्हणून बनवलेलं छोटं यंत्र. १९८२ मध्ये मुंबईच्या चरणजित सिंग यांनी ते टीआर-८०८ हे तालयंत्र आणि ज्युपिटर-८ हा सिंथेसायझर यांच्या जोडीला घेऊन दहा राग ध्वनिमुद्रित केले. तेव्हा त्या ध्वनिमुद्रणाची फारशी दखल घेतली गेली नाही. टीबी-३०३ही फारसं खपलं नाही. १९८७ मध्ये आलेल्या रेकॉर्डवर शिकागोच्या फ्यूचर या गटाने त्याच यंत्रावर एकच ओळ फिरवत ठेवली आणि वाजतानाच कट-ऑफचे आणि रेझोनन्सचे (कट-ऑफजवळचे स्वर उठावदार करणारे) नॉब पिळले. ॲसिड हाऊस हा नाचाच्या संगीताचा प्रकार तिथून सुरू झाला.

आजचा बिल्ड-अप, म्हणजे ठेका दणक्यात परतण्याआधी (त्या क्षणाला ड्रॉप म्हणतात) ताण वाढवणारा भाग, हीच युक्ती वापरतो. गणपतीच्या मिरवणुकीत डॉल्बीपुढे नाचणाऱ्या सांगली-साताऱ्याच्या पोरांना ड्रॉप कधी येणार हे अंगातच कळतं. १२० बीपीएमला, म्हणजे मिनिटाला १२० ठोक्यांना, चार ठोक्यांचा एक बार दोन सेकंदांचा, म्हणजे १६ बारांना ३२ सेकंद. किक (ढोलाचा जड ठोका) आणि बास काढायचे, आधारस्वर ठेवायचा, कट-ऑफ ३०० पासून ८,००० हर्ट्झपर्यंत न्यायचा, शेवटचा ठोका रिकामा सोडायचा, मग किक.

बहुतेकांचं इथेच चुकतं. ऑटोमेशनची, म्हणजे संगणकात नॉब आपोआप फिरवणारी, रेघ हर्ट्झमध्ये सरळ ओढली तर आठव्या बारालाच कट-ऑफ ४,१५० वर पोचतो. कानाला हर्ट्झ नव्हे, सप्तकं कळतात. पावणेपाच सप्तकांपैकी पावणेचार तिथेच संपतात आणि उरलेली १६ सेकंदं फारसं काही घडत नाही. रेघ आधी सपाट आणि शेवटी चढी हवी.

आधारस्वरासाठी तंबोरा घ्यायचा तर आणखी एक अडचण येते. काळी एक या पट्टीत (पेटीच्या पहिल्या काळ्या पट्टीवर सा) मधल्या जोडीच्या तारांचा सा १३८.६ हर्ट्झ, त्याचा पाचवा उपस्वर, म्हणजे आपोआप ऐकू येणारा गंधार, ६९३. सिंथचा समविभाजित, म्हणजे सप्तकाचे बारा समान भाग करून आलेला, गंधार ६९८.५. दोन्ही एकत्र वाजले की सेकंदाला पाच-साडेपाच हेलकावे येतात आणि शांत वाटायला हवा तो भाग कुरकुरतो. रिव्हर्ब (घुमण्याचा परिणाम) वाढवून ते झाकत नाही, उलट पसरतं. सिंथचा गंधार १४ सेंट (अर्ध्या स्वराचा शंभरावा भाग म्हणजे एक सेंट) उतरवावा, किंवा पॅडमधून, म्हणजे मागे लांबवलेल्या सिंथच्या स्वरांमधून, काढूनच टाकावा. चांगली जवारी असलेल्या तंबोऱ्यात तो आहेच.