जनरलसाहेब आणि कोटद्वारची ती एक जागा

6 मार्च 2012 ला उत्तराखंड विधानसभेची मतमोजणी झाली. 70 जागांपैकी काँग्रेसला 32 आणि भाजपला 31. भाजपने ती अख्खी निवडणूक ‘खंडूरी है जरूरी’ या एका घोषणेवर लढवली होती, आणि नेमके मुख्यमंत्री खंडूरीच कोटद्वारमधून काँग्रेसच्या सुरेंद्रसिंह नेगींकडून सुमारे साडेचार हजार मतांनी पडले. ती एक जागा इकडची तिकडे झाली असती तर आकडे बरोबर उलटे दिसले असते.

मेजर जनरल भुवनचंद्र खंडूरी हे नाव मराठी वाचकाला चटकन आठवत नाही. पण 2002-03 च्या सुमाराला पुण्याहून एसटीने कोल्हापूरला गेलेल्यांना त्यांचं, म्हणजे केंद्रातलं रस्ते खातं आठवेल. अर्धा रस्ता खोदलेला, ‘काम चालू, वळण रस्ता’ लिहिलेले पत्रे, खिडकीतून आत येणारी धूळ, आणि मधेच कुठेतरी पंतप्रधान वाजपेयींचा फोटो असलेला मोठा फलक. दिल्ली, मुंबई, चेन्नई, कोलकाता जोडणाऱ्या 5,846 किलोमीटरच्या सुवर्ण चतुष्कोनाचं ते काम. फलकावर वाजपेयी असायचे, खातं खंडूरींकडे होतं.

या माणसाची जडणघडण रस्त्यांशी जुळणारीच. जन्म 1934 चा, डेहराडूनचा. 1954 ते 1990 अशी नोकरी लष्कराच्या इंजिनिअर्स कोरमध्ये. म्हणजे पूल, रस्ते, बांधकाम. त्यांचं शिक्षण काही काळ आपल्या दापोडीच्या सीएमईमध्येही (कॉलेज ऑफ मिलिटरी इंजिनिअरिंग) झालं. 1990 ला निवृत्ती, 1991 ला लोकसभेत. गणवेश उतरवल्यावर श्वास घ्यायलाही फार वेळ घेतला नाही.

इतक्या लवकर जमलं कसं, याचं सरधोपट उत्तर गढवालची, म्हणजे उत्तराखंडातल्या त्यांच्या डोंगराळ मुलखाची, माती. लॅन्सडाउनला गढवाल रायफल्सचं केंद्र आहे. पहिल्या महायुद्धात व्हिक्टोरिया क्रॉस मिळवणारे दरवानसिंह नेगी आणि गबरसिंह नेगी इथलेच. डोंगरात शेती तुटपुंजी, म्हणून पोरगा फौजेत आणि घर मनीऑर्डरवर, हे तिथलं पिढ्यान्‌पिढ्यांचं गणित. साताऱ्याजवळचं अपशिंगे ज्यांनी पाहिलंय त्यांना हे वेगळं सांगायला नको. निवृत्त सुभेदाराच्या शब्दाला वजन असलेल्या मुलखात थेट जनरल मत मागायला आला, तर दार बंद होत नाही.

पण माझ्या मते हे अर्धंच उत्तर आहे. उरलेलं अर्धं आजोळी सापडतं. हेमवतीनंदन बहुगुणा हे खंडूरींचे सख्खे मामा. 1973 ते 75 उत्तर प्रदेशचे मुख्यमंत्री राहिलेले आणि पुढे इंदिरा गांधींशी फाटल्यावर 1982 ची गढवालची पोटनिवडणूक सगळी सरकारी ताकद विरोधात असताना जिंकून दाखवणारे बहुगुणा. 1989 ला ते गेले आणि दोनच वर्षांत भाचा त्याच मतदारसंघातून निवडून आला. फक्त पक्ष मामांचा नव्हता, भाजप होता. तेव्हा ‘फौजेतून थेट राजकारणात’ असं खंडूरींबद्दल म्हटलं जातं, त्यात मामाचं घर वाटेत लागतं हे विसरू नये. नुसता हुद्दा चालत असता तर माजी लष्करप्रमुख जनरल करिअप्पा 1971 ला मुंबईत पडले नसते. त्यांच्यामागे तर शिवसेनाही होती.

1996 ला खंडूरींना आध्यात्मिक गुरू आणि राजकारणी सतपाल महाराजांनी पाडलं. 1998 आणि 99 ला ते पुन्हा जिंकले. नोव्हेंबर 2000 मध्ये, उत्तराखंड राज्य जन्माला येत होतं त्याच आठवड्यात, वाजपेयींनी त्यांना रस्ते खात्याचा स्वतंत्र कार्यभार दिला. 2003 मध्ये कॅबिनेट. पेट्रोल-डिझेलवर लावलेल्या उपकरातून पैसा येत होता, कंत्राटं सुटत होती आणि शिस्तीचा मंत्री म्हणून त्यांचं नाव होत होतं. या काळाला एक काळी किनारही आहे. महामार्ग प्राधिकरणाचे तरुण अभियंता सत्येंद्र दुबे यांनी सुवर्ण चतुष्कोनाच्या कामातला भ्रष्टाचार पंतप्रधान कार्यालयाला कळवला आणि नाव गुप्त ठेवा अशी विनंती केली. ते पत्र नावासकट टेबलांवरून फिरलं. 27 नोव्हेंबर 2003 ला गयेत त्यांचा खून झाला. तपास यंत्रणेने तो लुटीतून झाल्याचं म्हटलं आणि 2010 मध्ये तिघांना शिक्षाही झाली. पण नाव फुटलं कसं, हा प्रश्न त्या खात्याच्या नावाला चिकटून राहिला.

2007 ला भाजपने उत्तराखंड काठावर मिळवलं. आमदारांत वजन भगतसिंह कोश्यारींचं. हो, तेच, जे पुढे आपल्या राजभवनात आले. पण दिल्लीने खंडूरींना पाठवलं, आणि तिथपासून कुरबुर सुरू झाली. मुख्यमंत्री झालेल्या खासदाराला विधानसभेची जागा हवी, तेव्हा धुमाकोटचे काँग्रेस आमदार, निवृत्त लेफ्टनंट जनरल तेजपालसिंह रावत यांनी राजीनामा दिला. खंडूरी धुमाकोटमधून आमदार झाले, तर रावत भाजपमध्ये येऊन खंडूरींच्या रिकाम्या गढवालमधून खासदार. दोन जनरलांनी जागांची अदलाबदल केली, आणि त्यातही लेफ्टनंट जनरलने मेजर जनरलसाठी खुर्ची सोडली. छावणीत असं कधी घडायचं नाही.

मुख्यमंत्री म्हणून त्यांचा एक निर्णय डोंगरात अजून आठवला जातो. बाहेरच्या माणसाला घरासाठी घेता येणाऱ्या जमिनीची मर्यादा 500 चौरस मीटरवरून त्यांनी 250 वर आणली. कोकणात ज्यांच्या डोळ्यांदेखत जमिनी गेल्या त्यांना याचं मोल कळेल. आमदारांना मात्र असल्या गोष्टींचं अप्रूप नव्हतं. मुख्यमंत्री भेटत नाहीत, बदल्यांच्या चिठ्ठ्या चालत नाहीत, सगळं एका सचिवाच्या हातात, ही त्यांची रड. 2009 ला लोकसभेच्या पाचही जागा गेल्या आणि त्या निमित्ताने खंडूरीही गेले. त्यांच्या जागी रमेश पोखरियाल निशंक आले.

दोन वर्षांत निशंक सरकार आरोपांनी घेरलं गेलं. ऑगस्ट 2011 मध्ये अण्णा हजारेंचं रामलीला मैदानावरचं उपोषण देशभर गाजत होतं, आणि निवडणूक सहा महिन्यांवर. नितीन गडकरी तेव्हा पक्षाध्यक्ष. सप्टेंबरमध्ये खंडूरींना पुन्हा बोलावलं गेलं. अडगळीत टाकलेली तांब्याची घागर पाहुणे येणार म्हटल्यावर घासून दर्शनी ठेवावी, तसं. त्यांनी नोव्हेंबरमध्ये लोकायुक्त विधेयक मंजूर करून घेतलं, मुख्यमंत्र्यालाही त्याच्या कक्षेत आणलं. अण्णांनी कौतुक केलं. एकेकाळच्या लष्करी ड्रायव्हरने निवृत्त मेजर जनरलला दिलेली ती शाबासकी होती. मात्र मुख्यमंत्र्यावर कारवाई करायची तर लोकायुक्ताच्या सगळ्या सदस्यांचं एकमत हवं, अशी मेखही त्यात होती. आणि मग कोटद्वार. तिथे त्यांना पाडण्यात आपल्याच माणसांचा हात होता, अशी कुजबुज पक्षात बराच काळ चालली. मुख्यमंत्रिपदी काँग्रेसचे विजय बहुगुणा आले. मुंबई उच्च न्यायालयाचे माजी न्यायमूर्ती, आणि खंडूरींचे सख्खे मामेभाऊ.

2014 ला ते गढवालमधून परत लोकसभेत गेले आणि संरक्षणविषयक संसदीय स्थायी समितीचे अध्यक्ष झाले. मला विचाराल तर त्यांच्या राजकारणातला सगळ्यात फौजी काळ हाच. मार्च 2018 च्या अहवालात समितीने लष्कराच्या उपप्रमुखांची साक्ष जशीच्या तशी मांडली: 68 टक्के युद्धसामग्री जुनाट, अत्याधुनिक जेमतेम 8 टक्के. सत्ताधारी पक्षाच्याच खासदाराच्या सहीने हे छापून आलं. सप्टेंबरमध्ये अध्यक्षपद कलराज मिश्रांकडे गेलं.

मार्च 2019 मध्ये मुलगा मनीष डेहराडूनच्या सभेत राहुल गांधींच्या व्यासपीठावर चढला आणि काँग्रेसकडून गढवालमध्ये उभा राहिला. समोर तीरथसिंह रावत, खंडूरींच्याच हाताखाली वाढलेले. ते 3 लाखांवर मतांनी जिंकले. मनीष 2024 मध्ये भाजपमध्ये गेले. मुलगी ऋतू खंडूरी भूषण मात्र आधीपासून भाजपमध्येच होत्या. 2017 ला त्या यमकेश्वरमधून आमदार झाल्या. 2022 ला पक्षाने त्यांना तिथून उचलून कोटद्वारला पाठवलं. समोर तेच सुरेंद्रसिंह नेगी. या वेळी नेगी हरले, आणि त्याच महिन्यात ऋतू उत्तराखंड विधानसभेच्या पहिल्या महिला अध्यक्ष झाल्या.