केळ्याच्या ब्रेडला जाळी पाडते कोण?

आमच्या इमारतीतल्या एका काकूंनी गेल्या महिन्यात तीन वेळा केळ्याचा ब्रेड केला आणि तिन्ही वेळा तो मधोमध बसला. पहिल्या खेपेस कृतीप्रमाणे अर्धा चहाचा चमचा सोडा घातला होता. दुसऱ्या खेपेस त्यांनी सोडा दुप्पट केला, तेव्हा मधला खळगा आणखी खोल झाला आणि ब्रेडला साबणासारखी चव आली. तिसऱ्या खेपेनंतर तो ब्रेड ताटलीत घेऊन त्या माझ्या दारात उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "अगं, जाळी पडते ती सोड्यानेच ना? मग जास्त सोडा घातल्यावर जास्त जाळी नको का पडायला?" ढोकळा, केक आणि भजी करणाऱ्या बहुतेक घरांत ही समजूत असते. ती अर्धीच खरी आहे, आणि उरलेला अर्धा भाग मला स्वयंपाकघरातल्या साऱ्या भौतिकशास्त्रात सर्वांत देखणा वाटतो.

प्रथम सोड्याविषयी थोडे. खाण्याचा सोडा म्हणजे सोडियम बायकार्बोनेट. आम्ल भेटले की त्यातून कार्बन डायऑक्साइड वायू सुटतो. आम्ल नसेल तर ओव्हनच्या उष्णतेनेही तो सुटतो, पण अशा वेळी निम्माच वायू मिळतो आणि मागे सोडियम कार्बोनेट, म्हणजे धुण्याचा सोडा, शिल्लक राहतो. काकूंच्या दुसऱ्या ब्रेडची साबणी चव बहुतांशी याचीच होती. पिकलेल्या केळ्यात आम्ल असते, पण ते फार नसते, म्हणूनच अनेक कृतींमध्ये आंबट दही किंवा ताक सांगितलेले असते. दह्यातील लॅक्टिक आम्ल आणि सोडा यांचा हिशोब वजनाने जवळजवळ समसमान बसतो : १ ग्रॅम आम्लाला सुमारे ०.९३ ग्रॅम सोडा लागतो. ज्या दह्यात साधारण १ टक्का आम्ल आहे, असे १०० ग्रॅम दही एका सपाट चमच्याच्या पाचव्या भागाएवढा सोडा पुरता वापरून टाकते. त्यापुढचा सोडा केळ्यातल्या आम्लाच्या आणि ओव्हनच्या भरवशावर असतो.

या प्रकारच्या ब्रेडला यीस्ट लागत नाही, तो तासाभरात तयार होतो आणि म्हणूनच इंग्रजीत त्याला 'क्विक ब्रेड' म्हणतात. त्याचे घर अमेरिका. तिथे १७९६ साली छापलेल्या एका पाककृतींच्या पुस्तकात लाकडाच्या राखेपासून काढलेला 'पर्लॅश' नावाचा क्षार पीठ फुगवण्यासाठी सांगितलेला आढळतो. आपल्या पापडखाराचा तो दूरचा भाऊबंद म्हणता येईल. पुढे १८४३ साली इंग्लंडमधील आल्फ्रेड बर्ड यांनी पत्नीला यीस्ट सोसत नसल्यामुळे बेकिंग पावडर तयार केली, आणि १८५६ साली हार्वर्डमधील रसायनशास्त्रज्ञ एबेन हॉर्सफर्ड यांनी कॅल्शियमच्या आम्लधर्मी फॉस्फेटचे पेटंट घेतले. सोडा आणि कोरडे आम्ल एकाच डब्यात नांदू लागल्यावर असे झटपट ब्रेड घरोघरी होऊ लागले. केळ्याचा ब्रेड लोकप्रिय झाला तो १९३० च्या दशकात, मंदीच्या काळात, जेव्हा काळी पडलेली केळी फेकून देणे कोणालाच परवडत नव्हते. इतिहास एवढा पुरे.

आता हिशोब पाहू. अर्धा सपाट चमचा सोडा म्हणजे सुमारे २.५ ग्रॅम. सोड्याच्या ८४ ग्रॅममधून, आम्ल पुरेसे असल्यास, खोलीच्या तापमानाला साधारण २४ लिटर वायू सुटतो, म्हणजे २.५ ग्रॅममधून सुमारे ७०० मिलिलिटर. एका ब्रेडचे मिश्रण साधारण लिटरभर असते आणि भाजल्यावर ते फार तर दीडपटीच्या आसपास होते. याचा अर्थ, वायूची टंचाई मुळात नसतेच. सगळा वायू सुटला नाही, निम्मा हवेत निसटून गेला, तरी बराच उरतो. टंचाई असते ती वायूला राहायला लागणाऱ्या घरांची.

सोडा वॉटरचा पेला समोर ठेवून पाहा. बुडबुडे पेल्यात कुठेही उगवत नाहीत. काचेवरच्या एखाद्या ठरावीक ठिपक्यातून त्यांची माळ सुटते. त्या ठिपक्याजवळ बहुधा धूळ, कापडाचा तंतू किंवा ओरखडा असतो आणि त्यात हवेचा अगदी बारीक कप्पा अडकलेला असतो. पाण्यात विरघळलेला वायू त्या कप्प्यात शिरतो, कप्पा मोठा होतो, बुडबुडा सुटतो आणि कप्पा पुन्हा भरू लागतो. बाकीच्या पाण्यातही वायू तितकाच विरघळलेला असतो, पण त्याला नवा बुडबुडा सुरू करता येत नाही.

का करता येत नाही, हे समजण्यासाठी पृष्ठताण लक्षात घ्यावा लागतो. बुडबुड्याच्या भोवतीचा द्रव त्याला सतत दाबत असतो, आणि बुडबुडा जितका लहान तितका हा दाब जास्त असतो. त्रिज्या निम्मी झाली की दाब दुप्पट होतो. पाण्यात ५० मायक्रोमीटर त्रिज्येच्या बुडबुड्याला, म्हणजे ज्याचा व्यास केसाच्या जाडीइतका आहे त्याला, वातावरणाच्या दाबाच्या केवळ ३ टक्के जादा दाब सोसावा लागतो. त्रिज्या १ मायक्रोमीटरवर आणली तर तोच जादा दाब वातावरणाच्या जवळजवळ दीडपट होतो. नवा बुडबुडा शून्यातून सुरू व्हायचा, म्हणजे त्याला सुरुवातीला याहूनही कितीतरी लहान असावे लागणार आणि प्रचंड दाबाला तोंड द्यावे लागणार. अर्धा चमचा सोडा तेवढा जोर आणू शकत नाही. त्यामुळे विरघळलेला वायू नवे घर बांधण्याच्या भानगडीत न पडता आधीच असलेल्या बुडबुड्यात शिरतो.

म्हणजे सोडा जाळी पाडत नाही, तो असलेली जाळी फुगवतो. जाळीची बीजे म्हणजे मिश्रण फेटताना त्यात कोंडली गेलेली हवा. यीस्टच्या ब्रेडबाबत हे बेकर आणि माईझ या दोन संशोधकांनी १९४१ साली दाखवून दिले : यीस्ट नवे बुडबुडे निर्माण करत नाही, मळताना अडकलेल्या हवेच्या बुडबुड्यांतच आपला वायू भरते. त्यातल्या एकाचे आडनाव बेकर असावे, हा योगायोग मला अजून मजेदार वाटतो.

मी घरी याची एक साधी पडताळणी केली. केळी, मैदा, साखर, अंडी, तेल, दही आणि सोडा, सारे मोजून सारखे घेतले. एका मिश्रणात अंडी व साखर काट्याने जेमतेम एकजीव केली; दुसऱ्यात तीच अंडी व साखर रवीने पाच मिनिटे, फिकट पिवळा फेस येईपर्यंत फेटली. दोन्ही डबे एकाच वेळी ओव्हनमध्ये ठेवले. पहिला ब्रेड कापल्यावर त्यात वाटाण्याएवढी काही भोके आणि त्यांच्यामध्ये मेणचट, दडस भाग दिसला. दुसऱ्याच्या कापावर मोहरीएवढी एकसारखी जाळी होती आणि तो पहिल्यापेक्षा बोटभर उंच होता. सोडा दोन्हींत सारखाच होता. पहिल्यात घरे थोडी असल्यामुळे प्रत्येक घरात फार वायू कोंबला गेला, काही घरे एकमेकांत मिसळली आणि काही पृष्ठभागावर येऊन फुटली. एका डब्यात सोडा दुप्पट घातला असता तर हेच आणखी जोरात झाले असते. काकूंच्या दुसऱ्या खेपेचे उत्तर बरेचसे इथे मिळते.

ज्यांना दाबाचे गणित आवडते त्यांच्यासाठी आणखी एक टप्पा सांगते. इतरांनी हा परिच्छेद ओलांडला तरी चालेल. लहान बुडबुड्यात दाब जास्त आणि मोठ्यात कमी असल्यामुळे लहानातला वायू भोवतालच्या द्रवात विरघळून मोठ्याकडे सरकत राहतो. लहान आणखी लहान होत नाहीसे होतात, मोठे आणखी फुगतात. मिश्रण तयार करून ते अर्धा तास ओट्यावर ठेवले तर बीजांची संख्या अशी घटत जाते. माझ्याकडे एकदा डबा ओव्हनमध्ये जाण्याच्या बेतात असताना वीज गेली आणि पाऊण तासाने आली, त्या ब्रेडची जाळी अगदी फुटक्या चाळणीसारखी झाली होती. फ्रूट सॉल्ट घातलेले ढोकळ्याचे पीठ लगेच उकडायला ठेवायचे असते त्यामागेही हे एक कारण आहे, शिवाय त्यातला सोडा आणि सायट्रिक आम्ल ओले होताच एकमेकांवर तुटून पडतात. (फ्रूट सॉल्टमध्ये फळ नसते, हे जाता जाता.)

मग भरपूर फेटत राहावे का? अंडी, साखर, लोणी किंवा दही यांपुरते होय. मैदा पडल्यावर नाही. लोणी आणि साखर घोटताना साखरेच्या कण्यांच्या टोकदार कडा लोण्यात हवा ओढून नेतात आणि अंड्यातली प्रथिने बुडबुड्यांभोवती पडदा धरतात. पण मैदा ओला झाला की त्यातल्या प्रथिनांचे ग्लूटेन तयार होऊ लागते. पोळीच्या कणकेला ते हवे असते, इथे नको असते. जास्त ढवळल्यास मिश्रण चिवट होते, वायू त्यातून वाट काढताना उभे बोगदे पाडतो आणि ब्रेड रबरी लागतो. म्हणून बीजे मैद्याआधी पेरावीत आणि मैदा चाळून, तळापासून उलथत, दहा-बारा हातांत मिसळून थांबावे. पिठाच्या एकदोन गुठळ्या दिसल्या तरी त्यांच्यामागे लागू नये.

केळ्याचे काम वेगळे आहे. कच्च्या केळ्यात वजनाच्या सुमारे २० टक्के पिष्ट असते. पूर्ण पिकल्यावर ते १-२ टक्क्यांवर येते, कारण फळातलीच विकरे त्याची साखर करतात. काळे ठिपके पडलेले केळे या कृतीला उत्तम ते यासाठीच. जळगावची केळी असोत की वसईची, सालीवरचे ठिपके हे पेशी जुन्या होऊन त्यातील फिनॉल जातीचे पदार्थ हवेतल्या ऑक्सिजनशी संयोग पावल्याचे चिन्ह आहे. याच ठिपक्यांविषयी 'टीएनएफ नावाचा कर्करोगनाशक पदार्थ तयार होतो, जपानी शास्त्रज्ञांचे संशोधन' असा एक संदेश वर्षानुवर्षे फोनवरून फिरतो आहे. टीएनएफ हे प्राण्यांच्या रोगप्रतिकारक पेशींनी तयार केलेले प्रथिन आहे. केळे ते बनवत नाही, आणि ते खाल्लेच तरी डाळीतल्या प्रथिनासारखे पचून जाईल. दुसऱ्या टोकाचे लोक 'सोडा म्हणजे केमिकल' म्हणून घाबरतात, त्यांना मी एवढेच सांगते की आपले स्वादुपिंड बायकार्बोनेट रोज लहान आतड्यात सोडत असते.

आता ओव्हनमध्ये काय घडते ते पाहू. हवा ३० अंशांवरून ९० अंशांवर तापली तर तिचे आकारमान फक्त २० टक्क्यांनी वाढते. खरा हातभार वाफेचा असतो. ९० अंश सेल्सिअसला पाण्याच्या वाफेचा दाब वातावरणाच्या सुमारे ७० टक्के असतो. बुडबुड्याच्या आतला एकूण दाब बाहेरच्याइतकाच राहायचा असल्यामुळे हवा आणि कार्बन डायऑक्साइड यांच्या वाट्याला उरतात ३० टक्के, आणि त्यासाठी बुडबुड्याला तिपटीहून मोठे व्हावे लागते. सारी जाळी शेवटच्या काही अंशांत ताणली जाते ती यामुळे. त्याच सुमारास मैद्यातील पिष्ट पाणी शोषून घट्ट होते आणि अंड्याची प्रथिने गोठतात. साखर हे घट्ट होणे काहीसे पुढे ढकलते आणि फुगायला वेळ देते. वरचा थर आधी वाळून पक्का होतो आणि आतला अजून फुगत असतो, म्हणून माथ्यावर लांबट भेग पडते. ती दोष नाही.

आणि इथेच बसलेल्या ब्रेडचे खरे रहस्य आहे. ओव्हनमध्ये असेपर्यंत तो फेस असतो, म्हणजे प्रत्येक बुडबुडा बंद. भिंती पुरत्या गोठल्या की वाढत्या ताणाने त्यांना बारीक छिद्रे पडतात, बुडबुडे एकमेकांशी जोडले जातात आणि फेसाचा स्पंज होतो. ब्रेड बाहेर काढल्यावर वाफ थिजते आणि आतला दाब घसरतो. स्पंज झाला असेल तर बाहेरची हवा आत शिरून तो दाब भरून काढते, फेसच राहिला असेल तर बाहेरची हवा त्याला दाबून टाकते. आपल्याकडच्या तवसळीला हा धोका नसतो. काकडी, गूळ आणि तांदळाचा रवा यांचे ते मिश्रण खाली-वर निखारे ठेवून भाजताना फारसे फुगतच नाही, त्यामुळे खाली बसण्याचाही प्रश्न येत नाही.

काकूंना मी विचारले की ब्रेड किती वेळ भाजला. वास सुटला म्हणून पस्तीस मिनिटांनी काढला, असे त्या म्हणाल्या. वास सुटतो तो कवचाचा. मध्याचे तापमान तेव्हा बरेच मागे असते आणि ते ९५ अंशांच्या आसपास पोहोचायला त्यांच्या खोल डब्यात तासभर लागतो. चौथ्या खेपेस त्यांनी सोडा पुन्हा अर्ध्या चमच्यावर आणला, अंडी आणि साखर आधी फेटली आणि घड्याळ लावले. ब्रेड उंच राहिला, जाळी छान पडली, पण तळाला बोटभर जाडीचा ओलसर, चिकट पट्टा राहिला. कृतीत तीन केळी होती आणि त्यांनी पाच घातली होती. केळ्याच्या गरात तीन चतुर्थांश पाणी असते, हे सांगायचे माझ्याकडून राहून गेले होते.